४० लाखांचे गृहकर्ज खरोखर कितीला पडते: मार्च २०२२ च्या एका कर्जाचा हिशेब

पिंपरी-चिंचवडमधला पुनर्विक्रीचा फ्लॅट, किंमत ५० लाख. कर्ज ४० लाख, मुदत २० वर्षे, रेपोशी (रिझर्व्ह बँक बँकांना ज्या दराने पैसे देते, त्या दराशी) जोडलेला बदलता व्याजदर. कर्ज मार्च २०२२ च्या शेवटी हाती आले आणि पहिला हप्ता एप्रिलमध्ये गेला. मुख्य कर्जदार तेव्हा ३४ वर्षांचा, खासगी नोकरीत, निवृत्तीचे वय ५८. कुटुंब आणि रकमा प्रातिनिधिक आहेत. रेपो दर कधी किती बदलला ते आणि रिझर्व्ह बँकेचे नियम मात्र प्रत्यक्षातले आहेत. पुढचे आकडे त्यांवरूनच, महिन्यागणिक हिशेब करून काढले आहेत.

हे कर्ज निवडण्याचे कारण असे की, २०२० ते २०२२ च्या सुरुवातीपर्यंत स्वस्त व्याजात घर घेतलेल्या असंख्य कुटुंबांच्या बाबतीत हेच घडले. हप्ता फारसा वाढला नाही, म्हणून कोणी चौकशी केली नाही. दरम्यान मुदत दहा वर्षांनी लांबली होती.

सुरुवातीचा खर्च

३० ते ७५ लाखांच्या कर्जाला बँक घराच्या किमतीच्या जास्तीत जास्त ८० टक्के रक्कम देऊ शकते, आणि त्या किमतीत मुद्रांक शुल्क व नोंदणी फी धरता येत नाही. त्यामुळे पदरचे १० लाख घालून भागत नाही. मार्च २०२२ मध्ये मुद्रांक ६ टक्के होता, म्हणजे ३ लाख. (१ एप्रिल २०२२ पासून पुणे परिसरात १ टक्का मेट्रो अधिभार लागला. दस्त आठवडाभर उशिरा झाला असता तर आणखी ५० हजार गेले असते.) नोंदणी फी कमाल मर्यादेइतकी ३० हजार, प्रक्रिया शुल्क जीएसटीसह साडेसोळा हजार, कायदेशीर छाननी व मूल्यांकनाचे काही हजार, गहाणाचा मुद्रांक आणि नोटीस ऑफ इंटिमेशन (गहाणाची निबंधकाला द्यायची सूचना) मिळून सुमारे १२ हजार, सोसायटीचे हस्तांतरण शुल्क २५ हजार. महापालिका क्षेत्रात सोसायटीला हस्तांतरणाचे २५ हजारांहून जास्त मागता येत नाहीत. मात्र 'विकास निधी'च्या नावाखाली मागणी होते, ती लेखी मागावी. तयार फ्लॅट असल्याने जीएसटी नाही. बांधकाम चालू असलेल्या घरावर तो ५ टक्के पडला असता.

सर्व मिळून पदरचे सुमारे १४ लाख. ही रक्कम एकदाच जाते, डोळ्यांना दिसते, म्हणून तिच्यावर घासाघीसही होते. खरा खर्च मात्र हप्त्यात दडलेला असतो.

एक गोष्ट मात्र याच वेळी आत शिरली. कर्जाला जोडून आयुर्विमा, एकरकमी प्रीमियम १ लाख, तोही वेगळ्या कर्जखात्यात त्याच दराने २० वर्षांसाठी. सुरुवातीच्या दराने धरले तरी या लाखाचे १ लाख ८२ हजार होतात. हा विमा सक्तीचा नसतो. पण त्याहून मोठा दोष पुढे उघडा पडतो, तो जागेवर येईलच. खालच्या आकड्यांत हे खाते धरलेले नाही.

कागदावरचे कर्ज

त्या वेळी रेपो ४.०० टक्के आणि बँकेची त्यावरची वाढ, म्हणजे स्प्रेड, २.७० टक्के. दर ६.७० टक्के, हप्ता ३०,२९६ रुपये. २४० हप्त्यांची बेरीज ७२.७१ लाख, म्हणजे व्याज ३२.७१ लाख. कुटुंबाने मनात धरलेला आकडा हाच.

पहिल्या हप्त्याची फोड पाहा. व्याज २२,३३३, मुद्दल ७,९६३. आता ४० लाखांवर दर अडीच टक्क्यांनी वाढला तर महिन्याचे व्याज किती वाढेल? ८,३३३ रुपये. म्हणजे हप्त्यातला मुद्दलाचा सगळा वाटा त्यात जातो आणि तरी थोडे कमीच पडतात. कर्ज जितके स्वस्त आणि मुदत जितकी लांब, तितका दरवाढीचा हा धोका मोठा. मंजुरीच्या वेळी दहा मिनिटांत करता येणारा हा हिशेब आहे आणि तो प्रत्येक कर्जदाराने करावा.

दर चढले ते वर्ष

रेपो मे २०२२ मध्ये ४.४०, जूनमध्ये ४.९०, ऑगस्टमध्ये ५.४०, सप्टेंबरअखेर ५.९०, डिसेंबरमध्ये ६.२५ आणि फेब्रुवारी २०२३ मध्ये ६.५० झाला. रेपोशी जोडलेल्या कर्जाचा दर निदान तीन महिन्यांतून एकदा बदलावा लागतो. या खात्यात तो दर तिमाहीच्या पहिल्या तारखेला बदलत होता.

१ जुलै २०२२: दर ७.६०. हप्ता तोच ठेवला, उरलेली मुदत २३७ वरून २८२ महिने.

१ ऑक्टोबर २०२२: दर ८.६०. हप्ता तोच ठेवला असता तर ३८७ महिने उरले असते. बँकेची एकूण मर्यादा ३० वर्षांची, म्हणून मुदत ३५४ महिन्यांवर थांबवून हप्ता ३०,८४६ केला.

१ जानेवारी २०२३: दर ८.९५, हप्ता ३१,८२८.

१ एप्रिल २०२३: दर ९.२०, हप्ता ३२,५३३, उरलेले महिने ३४८.

बँकेच्या खात्यातून दरमहा पूर्वीपेक्षा २,२३७ रुपये जास्त जाऊ लागले. 'व्याज वाढलंय, होणारच' म्हणून विषय संपला. कर्जाची अखेर मार्च २०४२ वरून मार्च २०५२ वर गेली होती, कर्जदार तेव्हा ६४ वर्षांचा असेल आणि निवृत्तीनंतर सहा वर्षे हप्ते चालू राहतील, हे कोणत्याही एसएमएसमध्ये ठळक लिहिलेले नव्हते.

बँकेने मूळचाच ३०,२९६ चा हप्ता चालू ठेवला असता तर एप्रिल २०२३ मध्ये महिन्याचे व्याज ३०,३०१ झाले असते. हप्ता भरूनही कर्ज ५ रुपयांनी वाढले असते.

त्या दिवशी दोन रस्ते होते

१ एप्रिल २०२३ ला बाकी मुद्दल ३९,४६,०११ रुपये. पहिल्या वर्षात ३.७० लाख भरून फक्त ५४ हजार फिटले होते. येथून दोन पर्याय होते.

पहिला, जो आपोआप लागू झाला: ३२,५३३ रुपयांचे ३४८ हप्ते, बेरीज १ कोटी १३ लाख २१ हजार. दुसरा, मूळची अखेर कायम ठेवून ३६,६८३ रुपयांचे २२८ हप्ते, बेरीज ८३ लाख ६४ हजार. दरमहा फरक ४,१५० रुपयांचा आणि शेवटी फरक २९.५८ लाखांचा, दर तोच राहील असे धरून.

हा २९.५८ लाखांचा आकडा समाजमाध्यमांवर छाती दडपवण्यासाठी वापरला जातो. तो खरा आहे, पण अर्धवट आहे. २०४८ सालातला रुपया आजच्या रुपयाइतका नसतो, आणि दरमहा वाचलेले ४,१५० कुठेतरी गुंतवता येतात. म्हणून तुलना अशी करावी: ते ४,१५० रुपये २२८ महिने, करानंतर ७ टक्क्यांनी गुंतवले तर मार्च २०४२ मध्ये १९.६८ लाख जमतात. त्याच दिवशी लांबलेल्या कर्जाची बाकी २५.४६ लाख असते. म्हणजे शिस्तीने गुंतवणूक करणाऱ्याचेही ५.७८ लाख कमी पडतात. बरोबरी साधायला करानंतर ९.२० टक्के परतावा लागेल. आणि जो गुंतवत नाही, ज्याचे ४,१५० घरखर्चात विरघळतात, त्याच्यापुढे ते २५.४६ लाख तसेच उभे राहतात. मोठी संख्या शेवटच्या दहा वर्षांच्या १२० हप्त्यांतून येते, आणि ते हप्ते निवृत्तीच्या आजूबाजूला पडतात. खरी अडचण तिथे आहे.

तीन वर्षांनंतर

मार्च २०२५ पर्यंत ३६ हप्ते गेले. भरले ११.५१ लाख. फिटले १.१४ लाख. बाकी ३८.८६ लाख. मूळ वेळापत्रकाप्रमाणे बाकी ३६.८३ लाख असायला हवी होती.

आता विम्याकडे वळू. अशा विम्याचे संरक्षण मंजुरीच्या वेळच्या तक्त्याप्रमाणे दरवर्षी घटत जाते. कर्ज मात्र त्या तक्त्याप्रमाणे घटत नाही. मार्च २०२५ मध्ये कर्जदाराचे काही बरेवाईट झाले असते तर विम्यातून सुमारे ३६.८३ लाख मिळाले असते आणि २.०३ लाखांचे कर्ज कुटुंबाच्या डोक्यावर राहिले असते. २०४२ मध्ये विमा संपतो, कर्ज २०५२ पर्यंत चालते. याऐवजी कायम रकमेचा साधा टर्म विमा कर्जाबाहेर, वार्षिक हप्त्याने घेणे बहुतेकांना स्वस्त पडते, आणि कर्ज दुसऱ्या बँकेत नेले तरी तो आपल्याबरोबर येतो.

करसवलतीचा हिशेबही इथे तपासावा, कारण 'व्याज राहू दे, टॅक्स वाचतो' हे वाक्य घराघरात ऐकू येते. जुन्या करपद्धतीत स्वतः राहत असलेल्या घरासाठी व्याजाची वजावट माणशी २ लाखांपर्यंतच. पहिल्या वर्षीचे व्याज ३.१६ लाख होते, म्हणजे एकाच नावावर कर्ज असेल तर १.१६ लाखांवर काहीच सूट नाही. २ लाखांवर २०.८ टक्क्यांनी वाचतात ४१,६०० रुपये. मुद्दलाच्या परतफेडीवर आयकराच्या ८०सी कलमाखाली वजावट मिळते खरी, पण दुसऱ्या-तिसऱ्या वर्षी मुद्दल फिटले तेच वर्षाला ३० हजारांच्या आसपास. नव्या करपद्धतीत स्वतःच्या राहत्या घराच्या व्याजावर वजावट नाही, आणि २०२५-२६ पासून १२ लाखांपर्यंतच्या उत्पन्नावर तिथे कर लागत नसल्याने बरेच पगारदार तिकडेच गेले आहेत. त्यांच्यासाठी ही सवलत शून्य धरावी. नवरा-बायको दोघेही सहमालक आणि सहकर्जदार असून दोघेही हप्त्यात पैसे घालत असतील तर जुन्या पद्धतीत प्रत्येकाला २ लाख मिळतात. हे दस्त करतानाच ठरवायचे असते, नंतर नाव घालायला पुन्हा खर्च येतो.

रिझर्व्ह बँकेचे पत्रक आणि न वाचलेले पत्र

१८ ऑगस्ट २०२३ च्या पत्रकाने नियम स्पष्ट झाले. दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही, हे कर्जदाराला विचारायला हवे; स्थिर दराकडे जाण्याचा पर्याय बँकेच्या धोरणानुसार द्यायला हवा (१ ऑक्टोबर २०२५ पासून हे बँकेच्या मर्जीवर आहे); मुदत वाढवून व्याजही न फिटण्याची वेळ येऊ नये; आणि दर तिमाहीला किती मुद्दल व किती व्याज वसूल झाले, हप्ता किती, किती हप्ते उरले, वार्षिक दर किती, याचे विवरण द्यायला हवे. जुन्या कर्जांनाही हे ३१ डिसेंबर २०२३ पर्यंत लागू करायचे होते.

या प्रकरणात त्याप्रमाणे ईमेल आला. उत्तर दिले नाही, आणि उत्तर न दिल्यास आहे तेच चालू राहते. तिमाही विवरणात पाहण्याची ओळ एकच, 'उरलेले हप्ते'. मागच्या तिमाहीपेक्षा ती संख्या तीनने कमी झाली नसेल तर काहीतरी बदलले आहे.

१ ऑक्टोबर २०२४ पासून नव्या कर्जांना मुख्य तथ्य विवरण मिळते, त्यात सर्व शुल्क धरून वार्षिक दर आणि परतफेडीचा तक्ता असतो. दोन बँकांची तुलना करायला ते उत्तम आहे. पण तो तक्ता दर स्थिर राहील असे धरून केलेला असतो, त्यामुळे वर सांगितलेला धोका त्यात दिसत नाही. तो आपणच काढायचा.

दर उतरल्यावरचा निर्णय

फेब्रुवारी २०२५ पासून रेपो उतरू लागला: ६.२५, एप्रिलमध्ये ६.००, जूनमध्ये ५.५०, डिसेंबरमध्ये ५.२५. या खात्याचा दर एप्रिल २०२५ ला ८.९५, जुलैत ८.२० आणि १ जानेवारी २०२६ ला ७.९५ झाला. हप्ता ३२,५३३ वरच राहिल्याने मुद्दल थोडे वेगाने फिटू लागले. जानेवारी २०२६ च्या सुरुवातीला बाकी ३८,३८,५२२. तोपर्यंत ४५ हप्त्यांत भरले होते १४.४३ लाख, फिटले होते १.६१ लाख.

आता तीन पर्याय, दर ७.९५ वरच राहील असे धरून:

हप्ता २९,०६१ पर्यंत कमी करून घ्यायचा, अखेर मार्च २०५२. पुढे भरायचे ९१.५४ लाख. सुरुवातीपासूनची एकूण परतफेड १ कोटी ६ लाख.

हप्ता ३२,५३३ तसाच ठेवायचा, उरलेले २३१ महिने, अखेर मार्च २०४५. पुढे ७४.९८ लाख, एकूण ८९.४१ लाख.

हप्ता ३५,१२१ करायचा, अखेर मूळचीच, मार्च २०४२. पुढे ६८.४९ लाख, एकूण ८२.९२ लाख.

आमचे मत स्पष्ट आहे: पहिला पर्याय फक्त नोकरी डळमळीत असेल किंवा घरात आजारपण असेल तेव्हाच. पावणेतीन वर्षे ३२,५३३ भरायची सवय झाली आहे, ती मोडून साडेतीन हजारांची सवड घेण्यासाठी साडेसोळा लाख मोजणे परवडणारे नाही. दुसरा पर्याय कमीत कमी, आणि पगारवाढ झाली की तिसरा. निवृत्तीच्या वयाआधी कर्ज संपणे ही अट आधी ठेवावी, मग हप्ता ठरवावा.

स्प्रेडचाही विचार करावा. जुन्या ग्राहकाचा २.७० असतो आणि त्याच बँकेत नव्याला कमी मिळतो, हे सर्रास घडते. १ ऑक्टोबर २०२५ पासून बँकांना स्प्रेडचे काही घटक तीन वर्षे थांबल्याशिवाय कमी करता येतात. शाखेत अर्ज द्यावा, रूपांतर शुल्क विचारावे. स्प्रेड ०.३० ने कमी झाला आणि हप्ता तोच ठेवला तर जवळपास ११ महिने वाचतात, म्हणजे साडेतीन लाख. शुल्क जीएसटीसह काही हजारांत असते. बँक ऐकत नसेल तरच कर्ज दुसरीकडे न्यावे, कारण तिथे प्रक्रिया शुल्क, छाननी आणि गहाणाचा मुद्रांक पुन्हा लागतो. गृहवित्त कंपन्यांचे दर रेपोला बांधलेले असतीलच असे नाही. त्यांच्या स्वतःच्या मूळ दरावर ते चालतात आणि उतरताना बरेचदा रेंगाळतात.

आगाऊ परतफेड, आणि ती कुठे फसते

वैयक्तिक कर्जदाराच्या बदलत्या दराच्या गृहकर्जावर आगाऊ परतफेडीचे शुल्क नाही. जानेवारी २०२६ मध्ये २ लाख एकरकमी भरले आणि हप्ता ३२,५३३ च ठेवला तर २६ महिने कमी होतात आणि निव्वळ ६.४३ लाख व्याज वाचते.

चूक घडते ती अर्जात. काही बँकांची प्रणाली आगाऊ रक्कम आली की मुदत तशीच ठेवून हप्ता कमी करते. ऑनलाइन भरतानाही पर्याय आधीच निवडलेला असतो. 'हप्ता कायम, मुदत कमी' असे लेखी द्यावे आणि आठवड्याभरात नवा परतफेड तक्ता उतरवून घ्यावा. दुसरी चूक वेळेची: व्याज रोजच्या बाकीवर लागते, तर रक्कम हातात आल्याबरोबर भरावी, मार्चअखेरची वाट पाहू नये.

सगळी बचत कर्जात ओतू नये. सहा हप्ते आणि सहा महिन्यांचा घरखर्च बाजूला हवा, कारण भरलेले पैसे परत मागता येत नाहीत. मुदत ठेवीवर ७ टक्के मिळाले तरी २०.८ टक्के कर कापून साडेपाच उरतात, तेव्हा ७.९५ टक्क्यांचे कर्ज फेडणे सरस. भविष्य निर्वाह निधीचा २०२४-२५ चा दर ८.२५ टक्के होता. स्वतःची वर्गणी वर्षाला अडीच लाखांच्या आत असेल तर तिथे जादा रक्कम टाकणे कर्ज फेडण्यापेक्षा किंचित वरचढ ठरते. हा विचार जुन्या करपद्धतीत असणाऱ्याने करसवलत धरून वेगळा करावा.

स्वतः तपासण्याची रीत

स्प्रेडशीटमध्ये एनपीईआर हे सूत्र: मासिक दर (वार्षिक दर भागिले १२), हप्ता उणे चिन्हासह, बाकी मुद्दल. उत्तर म्हणजे उरलेले महिने. उणे चिन्ह विसरले तर निरर्थक संख्या येते. चिन्ह बरोबर असूनही सूत्र आकडा न देता दोष दाखवत असेल, तर हप्ता व्याजापेक्षा कमी आहे असे समजावे. एप्रिल २०२३ मध्ये मूळ हप्ता घातला असता तर हेच झाले असते. पीएमटी सूत्राने उलट हिशेब होतो: दर, हवे तितके महिने आणि बाकी द्या, हप्ता मिळतो. नवे कर्ज घेताना आजच्या दरात अडीच टक्के मिळवून पीएमटी काढावे. तो हप्ता झेपत नसेल तर कर्जाची रक्कम जास्त आहे.

बँकेचे विवरण आणि आपला आकडा यांत एका महिन्याहून जास्त फरक असेल तर शाखेला लेखी विचारावे. ३० दिवसांत उत्तर नाही किंवा समाधानकारक नाही, तर रिझर्व्ह बँकेच्या एकात्मिक लोकपाल योजनेत ऑनलाइन तक्रार करता येते, फी नाही.

कर्ज पूर्ण फिटले की मूळ कागदपत्रे ३० दिवसांत परत मिळायला हवीत आणि उशीर बँकेमुळे झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई आहे. ना हरकत दाखला घेऊन केंद्रीय नोंदणीतला, म्हणजे सरसाईतला बोजा उतरला का ते पाहावे, सोसायटीच्या दप्तरातली बँकेची नोंद काढून घ्यावी, आणि विम्याचे वेगळे कर्जखाते असेल तर तेही बंद झाल्याचे पत्र मागावे. मुख्य खाते बंद झाले आणि हे छोटे खाते काही शेकड्यांच्या थकबाकीने उघडे राहिले, तर क्रेडिट अहवालात तेच वर्षानुवर्षे दिसत राहते.